पाठीमागची तारीख

११ जुलै

दादा,

तीनदा फोन केला, तिन्ही वेळा कापलास, आणि मग तुझा दोन शब्दांचा निरोप आला: 'पत्र लिही.' पण तू उगाच असं करणार नाहीस, म्हणून मुकाट्याने कागद घेऊन बसले आहे.

माझी बदली झाली. टोकावर. आपल्या खात्यात त्या केंद्राला सगळे टोकच म्हणतात, कारण त्याच्या पुढे रस्ता नाही. प्रयोगशाळा म्हणजे एक ओटा आणि एक काचेचं कपाट. राहायला तिच्याच वर एक खोली, तिला शिडीसारखा उभा जिना, बस आठवड्यातून दोनदा. आदेश पाच तारखेचा, माझ्या हातात आठला पडला. कारण लिहिलंय 'प्रशासकीय निकड'.

कसली निकड ते मला माहीत आहे. गेल्या महिन्यात पूर्वेकडच्या टाकीचं पाणी मी तपासलं आणि अहवालात 'पिण्यास अयोग्य' असं लिहिलं. दोन दिवसांनी तुमच्या मुख्यालयातून मऊसाहेब गाडी करून आले. उपसंचालक, पण आवाज कधी चढत नाही म्हणून आम्ही सगळे त्यांना मऊसाहेब म्हणतो. म्हणाले, "बाई, तो एक आकडा जरा पुन्हा बघता का?" मी पुन्हा बघितला. आकडा होता तिथेच होता. "बरं, बरं," म्हणाले, माझ्या टेबलावरचा पेपरवेट सरळ केला आणि गेले.

भीती माझ्यासाठी नाही रे, आईसाठी आहे. या क्वार्टरमध्ये येऊन आम्हाला चौदा महिने झाले, त्यातले आठ तिला घर शिकण्यात गेले. आता खाटेपासून दारापर्यंत अकरा पावलं, मोरीच्या अलीकडे एक उंबरा, साखरेचा डबा डाव्या हाताला, सगळं तिच्या बोटांत बसलंय. स्वतः चहा करते आणि वर मला ऐकवते, "तुझ्यापेक्षा बरा झालाय." दृष्टी गेली तेव्हा वर्षभर ती एका खुर्चीत बसून होती, ते तू पाहिलं आहेस. पुन्हा तशी बसली तर या वेळी उठायची नाही. आणि त्या जिन्यावरून ती कधी पडेल, हाच विचार दिवसभर डोक्यात असतो.

तू आस्थापना शाखेत, बदल्यांच्या फायली तुझ्याच टेबलावरून जातात. हे कसं झालं ते सांग. मी काय करू तेही सांग.

तुझी खारू

पेन्सिली कुरतडायची खोड अजून गेलेली नाही. आज दोन संपवल्या.


१४ जुलै

खारू,

फोन करू नकोस. ऑफिसात आपलं नातं कोणाला ठाऊक नाही. आडनावं वेगळी म्हणून आजवर निभावलं. इथे कोणी कोणाला किती वेळ फोन केला याच्या याद्या निघतात, आणि सध्या मला कुठल्याच यादीत यायचं नाही. पत्रही घरच्या पत्त्यावरच टाक.

बदलीचं म्हणशील तर आदेश वरून आला. माझ्या टेबलावर आला तेव्हा सगळं ठरलेलं होतं. आता माझं ऐक. कोर्टकचेरीच्या फंदात पडू नकोस. गुपचूप जा, हजर हो, कोणाला उलट बोलू नकोस. वर्षभरात मी तुला परत आणतो. कसं ते विचारू नकोस, पण आणतो. जे भांडले त्यांचे काय हाल झाले ते मी याच खुर्चीत बसून पाहिलंय.

मामींना काही दिवस माझ्याकडे ठेव म्हणालो असतो, पण माझी खोली चौथ्या मजल्यावर. तरी विचार कर. मामांनी बापाविना पोराला वाढवलं, नोकरीला लावलं, ते मी विसरलेलो नाही.

हजर हो. एवढंच.

दादा


२१ जुलै

दादा,

तुझं पत्र चौदा तारखेचं, आणि मागे पेन्सिलीने अठरा. चार दिवस खिशात घेऊन फिरलास होय? बाबांची सवय तुझ्या हातात अशी मुरली आहे की तुला खोटं बोलायची सोय नाही. मला आठवतंय, ते तुला शेजारी बसवून शिकवायचे. साहेब सांगतील ती तारीख कागदाच्या पुढे घालायची, आणि कागद हाताखालून गेला ती खरी तारीख मागे, पेन्सिलीने. पुढची सरकारची, मागची आपली. मी तेव्हा तुमच्या पेन्सिलींची टोकं खात बसायची आणि त्यावरून खारू झाले.

तू म्हणालास तसं करणार होते, खरंच. बॅग काढली. आईने आवाज ऐकला, उठून भिंतीला धरून सगळ्या घरातून एकदा फिरून आली. मी बॅग परत वर ठेवली आणि दुसऱ्या दिवशी वकीलबाईंकडे गेले.

मला वाटलं होतं त्या पाण्याबद्दल विचारतील. त्यांनी विचारलं, "किती महिने झाले इथे?" म्हटलं, चौदा. "आणि मुदत?" तीन वर्षं. मग त्यांनी आपल्याच खात्याचा नियम काढून समोर ठेवला. मुदतीआधी हलवायचं असेल तर बदली समितीची बैठक आधी व्हायला हवी आणि कारण आधी लिहिलं जायला हवं. म्हणाल्या, "कुणाला कुठे बसवायचं यात कोर्ट पडत नाही. साहेब लबाड आहे म्हणून रडलात तरी पुरावा मागेल. पण स्वतः केलेला नियम तुम्ही पाळलात का, एवढं मात्र विचारतं. तेवढ्याच एका दारातून आपल्याला आत शिरायचंय."

परवा अर्ज दाखल होतोय. तोवर त्यांनी बजावलंय, कार्यमुक्तीचा कागद हातात घ्यायचा नाही. एकदा कार्यमुक्त झाले की भांडण निम्मं संपलं. म्हणून आजारपणाची रजा टाकून दाराला आतून कडी लावून बसले आहे. खिडकीचा पडदासुद्धा ओढलेला. दाराबाहेर पाऊल वाजलं की दोघी श्वास रोखून बसतो. पोस्टमन आला तरी माझ्या तोंडचं पाणी पळतं.

तुला एकच विचारते. बैठक झाली होती का? फाईल तुझ्याकडे आहे. हो किंवा नाही, एवढंच लिही.

खारू


२ ऑगस्ट

खारू,

बैठकीचा कागद फाईलमध्ये आहे. दोन जुलैचा. तिन्ही सदस्यांच्या सह्या आहेत.

अर्ज मागे घे. हरशील, आणि मग तुला कोणी वाचवू शकणार नाही. माझी ही पत्रं फाडून टाक. जाळलीस तर उत्तम.

दादा


९ ऑगस्ट

दादा,

पत्र मिळालं, जाळलं नाही.

आधी इथलं सांगते. मंगळवारी भर दुपारी दाराशी कोणीतरी आलं. आई कुजबुजली, "बूट नवे आहेत, आपल्यापैकी नाही." तीन थापा पडल्या. मी मोरीत जाऊन उभी राहिले, तोंडावर हात ठेवून. बाहेरून आवाज आला, "बाई, एक कागद आहे, सही द्या." आणि आईने जागेवरून खणखणीत उत्तर दिलं, "घरात कोणी नाही. मी आंधळी आहे, मला कागद दिसत नाही आणि सही येत नाही." तो बिचारा ओशाळला. "बसा आजी, बसा," म्हणाला. तरी अकरा मिनिटं दाराबाहेर उभा होता. ती मिनिटं मी घड्याळात मोजली. गेल्यावर आई म्हणते, "सही येत नाही हे जरा जास्तच झालं ना?" हसता हसता मला रडू फुटलं.

सहा तारखेला कोर्टाने सांगितलं, पुढच्या तारखेपर्यंत मला कार्यमुक्त करायचं नाही. आणि सव्वीस ऑगस्टला मूळ फाईल हजर करायची. झेरॉक्स नाही, मूळ. जिवात जीव आला, पण अर्धाच. कारण तुझं पत्र.

बैठक झाली असेल तर माझा अर्ज खोटा. तसं वकीलबाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, "बैठकीचा कागद असणं आणि बैठक होणं यात फरक असतो. तुम्हाला कोणी सांगितलं?" मी कानावर हात ठेवले.

मग ते पत्र आईला वाचून दाखवलं. तिने हातात घेतलं आणि उलटं करून मागे बोट फिरवलं. तू पेन्सिल दाबून लिहितोस, ते तिच्या बोटाला कळतं. पुनःपुन्हा फिरवलं. म्हणाली, "कोरं आहे. पोरगं काहीतरी लपवतंय."

दादा, मी विचारलं होतं बैठक झाली का. तू लिहिलंस कागद आहे. मी इतकी बावळट नाही. तुला बाबांची शपथ आहे, खरं काय ते लिही.

खारू


१४ ऑगस्ट

खारू,

बैठक झाली नव्हती.

हे लिहिलं आणि उठून दाराची कडी बघून आलो. आता सगळंच लिहितो, पुन्हा हिंमत होणार नाही.

पाच जुलैला मऊसाहेबांनी बोलावून चिठ्ठी दिली. तुझा आदेश मीच टाइप केला. तुझं नाव माझ्याच बोटांनी. मनाला समजावलं की मी नाही केलं तर शेजारचा करेल. तू फोन केलास तेव्हा त्या आदेशाची प्रत माझ्या खणात होती, म्हणून कापला. याद्यांची भीती खरी होती, पण तेवढीच नव्हती.

अठ्ठावीस जुलैला कोर्टाची नोटीस आली. तीसला त्यांनी मला आत बोलावलं. दार लावायला सांगितलं. तोच आवाज, "अहो, समितीचं इतिवृत्त फायलीत दिसत नाही. राहून गेलं वाटतं. दोन तारखेचं लावून टाका." मी म्हटलं, साहेब, बैठक... ते म्हणाले, "तुमची सेवा किती झाली?" बावीस वर्षं. "छान," म्हणाले. त्या 'छान'ने माझी पाचावर धारण बसली. मी टाइप केलं. एका सदस्याने सही गाडीच्या बॉनेटवर केली, कशावर करतोय तेही बघितलं नाही.

आणि आता मुख्य गोष्ट. तुझं पत्र वाचून काल फाईल पुन्हा काढली. पानांना नंबर घालताना मी नेहमीसारखं... खारू, माझा हात आपोआप गेला होता. इतिवृत्ताच्या मागे, कोपऱ्यात, पेन्सिलीने तीस जुलै लिहिलंय. माझ्या अक्षरात. पुढे दोन जुलै, मागे तीस. आदेश पाचचा. ज्याला बेरीज येते त्याला कळेल की आधी हुकूम आणि मग त्याचं कारण लिहिलंय.

फाईल सव्वीसपर्यंत माझ्याच कपाटात आहे. कोर्टातही मीच घेऊन जायची आहे. रबर खणात आहे. तारीख ठेवली तर माझी नोकरी जाते, वर फौजदारीही होईल. पुसली तर तू आणि मामी त्या जिन्यावर. कालपासून जेवण जात नाही. कोणी पाठीमागून हाक मारली तरी दचकतो.

मामांनी ही सवय लावली तेव्हा हे त्यांच्या मनातही आलं नसेल. तू सांगशील ते करतो.

दादा


१७ ऑगस्ट

दादा,

पूस.

वकीलबाईंना काही सांगितलेलं नाही आणि सांगणार नाही. तुझ्यावर राग आला होता. खूप. पत्र भिंतीवर फेकलं, मग उचलून आणलं, कारण दुसरं फेकायला काही नव्हतं. पण तू बापाविना आमच्या घरी आलास तेव्हा सात वर्षांचा होतास आणि आईच्या पदराला धरूनच झोपायचास, हे ती मला काल सांगत होती. तुला तुरुंगात पाठवून ती या घरात अकरा पावलं चालणार नाही. मीही नाही.

एक आकडा बदलला नाही म्हणून माझी बदली झाली, आणि आज मीच तुला एक आकडा पूस म्हणते आहे. माझं मला नवल वाटतंय. काय करणार, त्या आकड्यामागे फक्त माझी नोकरी होती.

बॅग परत काढली आहे. आईला जिना शिकवायचा म्हणून शेजारच्या इमारतीचा जिना रोज चढून-उतरून बघतो आम्ही. काल चौथ्या पायरीवर तिचा पाय घसरला, मी धरली. जमेल.

पूस आणि जेव.

खारू


२० ऑगस्ट

खारू,

पुसली. जेवलो नाही.

दादा


२७ ऑगस्ट

खारू,

वकीलबाईंनी फोन केला असेलच. तरी माझ्याकडून ऐक.

सरकारी वकिलांच्या मागच्या बाकावर मी फाईल मांडीवर घेऊन बसलो होतो. शेजारी मऊसाहेब. त्यांनी माझ्या गुडघ्यावर थोपटलं. फाईल वर गेली. न्यायमूर्तींनी चष्मा कपाळावर सरकवला आणि पान पान उलटायला लागले. इतिवृत्त वाचलं, मान हलवली. सरकारी वकील म्हणाले, बैठक आधी, आदेश नंतर, सगळं नियमानुसार आहे. मला वाटलं सुटलो. लाज वाटते लिहायला, पण त्या क्षणी तुझी आठवण नव्हती, फक्त सुटलो एवढंच होतं.

मग त्यांनी विचारलं, "ही पेन्सिल कसली?"

माझ्या डोक्यात प्रकाश पडला तो तिथे, सगळ्यांसमोर. फायलीत सेहेचाळीस पानं. पंचेचाळीस पानांच्या मागे माझी पेन्सिलीची तारीख. मी घाबरून एकाच पानाची पुसली होती. बाकीच्यांचा विचारच केला नाही, कारण ती मला कधी दिसतच नाहीत, इतकी सवयीची.

सरकारी वकिलांनी माझ्याकडे पाहिलं. मी उभा राहिलो. "माझी पद्धत आहे, साहेब. कागद हातात आला त्या दिवसाची तारीख."

"प्रत्येक पानामागे आहे. त्रेचाळीसच्या मागे नाही. का?"

'विसरलो' म्हणता आलं असतं. ओठावर आलंच होतं. पण त्यांनी ते पान खिडकीच्या उजेडाकडे धरलं आणि कोपऱ्यावरून अंगठा फिरवला. मला मामींचं बोट दिसलं.

"होती, साहेब. मी पुसली."

"कोणती होती?"

"तीस जुलै."

त्यांनी विचारलं, इतिवृत्त लिहायला कोणी सांगितलं? मी उपसंचालकांकडे बोट दाखवलं. मग म्हणाले, "आणि पुसायला कोणी सांगितलं?"

खारू, तू सांगितलं होतंस. मी म्हणालो, "माझ्या भीतीने, साहेब."

मग स्वतःहून सांगितलं की अर्जदार माझी मामेबहीण आहे. आज ना उद्या कळलंच असतं. सरकारी वकील ताडकन उठले, "तरीच!" न्यायमूर्ती म्हणाले, "बसा. नात्याने तारीख बदलत नाही."

बाहेर आलो तेव्हा मऊसाहेब पायऱ्यांवर उभे होते. रागावले नाहीत. "प्रकृतीला जपा," म्हणाले.

दादा


२ सप्टेंबर

दादा,

आदेश रद्द झाला. निकालाचा कागद समोर आहे. लिहिलंय की कोणाला कुठे नेमायचं हे कोर्ट ठरवणार नाही, पण निर्णय आधी घेऊन कारण मागून जोडणं म्हणजे नियम पाळणं नव्हे. कागदाच्या खोटेपणाची वेगळी चौकशी करा, असंही आहे. तिथे माझे डोळे अडकले.

आईला वाचून दाखवलं. तिने विचारलं, "म्हणजे हलायचं नाही?" म्हटलं, नाही. ती उठली, चालत ओट्याशी गेली, चहा ठेवला. आणि मग पाठमोरीच म्हणाली, "त्याचं काय होणार?"

पडदा उघडला आहे. कामावर जाते. लोक अभिनंदन करतात आणि लगेच इकडेतिकडे बघतात. आनंद व्हायला हवा, तो होत नाही. रोज पेपर उघडताना तुझं नाव असेल की काय या धास्तीने आधी शेवटचं पान बघते.

तुझं काही कळव. एक ओळ तरी.

खारू


१६ सप्टेंबर

खारू,

पत्ता बघितलास ना? टोक.

आदेश अकराला मिळाला, बाराला कार्यमुक्त, चारच्या आत कपाटाच्या किल्ल्या दिल्या. त्या टेबलावर मला दीड वर्ष झालं होतं. कारण 'प्रशासकीय निकड'. शब्दसुद्धा नवीन शोधायचा त्रास घेतला नाही.

तुझ्यासाठी ठेवलेल्या खोलीत मी राहतो. जिन्याला सतरा पायऱ्या आहेत आणि आधाराला काही नाही. मामींनी हा जिना चढला नाही, यावर मी रोज सतरा वेळा समाधान मानतो. इथे कारकुनाचं पद नाही, म्हणून बाटल्यांवर चिठ्ठ्या चिकटवायला बसवलंय. कोणी बोलत नाही. काल दोन माणसं गाडीतून आली, खालूनच माझ्या खिडकीकडे बघत राहिली आणि गेली. कोण होती माहीत नाही. जीव मुठीत धरून बसलो आहे.

भांडणार नाही मी. माझा एकट्याचा जीव, कुठेही पडून राहीन. आणि मी काही निर्दोष नाही.

दादा


२० सप्टेंबर

दादा,

'गुपचूप जा, हजर हो.' हे तू मला लिहिलं होतंस. मी तेव्हा ऐकलं नाही आणि आता तुझंही ऐकणार नाही.

तू निर्दोष नाहीस, कबूल. पुसल्याची चौकशी होऊ दे, तिथे उभा राहा, जे केलंस ते सांग, शिक्षा होईल ती घे. मीही येईन, कारण 'पूस' मी म्हटलं होतं आणि ते मी लपवणार नाही. पण बदली ही वेगळी गोष्ट आहे. शिक्षाच करायची तर आधी विचारावं लागतं, ऐकून घ्यावं लागतं, आणि मग लिहून करावी लागते. तुला कोणी काही विचारलं? तुझ्यासाठी बैठक झाली? वकीलबाईंना दाखवलं. त्या म्हणाल्या, "आता तर वाट मळलेली आहे."

सोबत वकालतनामा आहे. खाली फुलीची खूण केली आहे तिथे सही कर. घाबरलास तरी कर. मी काय घाबरले नव्हते? मोरीत उभी होते.

आई म्हणते, तुझी खाट खिडकीशी लावली आहे, तिच्या पावलांच्या वाटेत येणार नाही अशी. मोजून लावली आहे तिने.

खारू


२६ सप्टेंबर

खारू,

वकालतनामा तीन दिवस उशीखाली होता. काल ती गाडी पुन्हा येऊन गेली. आज सकाळी सही केली. जरा वाकडी आली आहे. चालत नसेल तर दुसरा पाठव, पुन्हा करतो.

अर्जावर कुठलीही तारीख घालू देत. मी कागदाच्या मागे आजची घातली आहे, पेन्सिल दाबून. मामींना बोट फिरवून बघायला सांग.

दादा